दुधैलेचा हरवलेला नवरा

१

दुधैलेचा नवरा नाहीसा झाला त्या सकाळी धुकं इतकं दाट होतं की हातातला चहाचा पेला मला अंदाजानेच तोंडाला लावावा लागत होता. संक्रांत नुकतीच झालेली. अशा थंडीत कोर्टाचं काम काढणाऱ्याला काय म्हणावं, हे मी मनातल्या मनात ठरवत होतो आणि शेकोटी सोडत नव्हतो.

दुधैला ही मधुरापट्टीची पोखर, म्हणजे गावतळं. नवरा म्हणजे जाठ. आमच्या मिथिलेत तळं खणलं की त्याच्या मधोमध साल वृक्षाचा खांब रोवतात आणि तळ्याचं त्या खांबाशी वाजतगाजत लग्न लावतात. लग्न लागलं की तळं सगळ्यांचं झालं. माणसांचं, गुरांचं, बगळ्यांचंसुद्धा. लग्नाआधी तो नुसता खड्डा. त्याचं पाणी गुरांना चालतं, देवाला चालत नाही.

कोर्टाला लग्नकार्यात रस नसतो, पण या खांबात होता. दुधैलेतल्या मासेमारीचा सरकारी लिलाव झाला, त्याला आमच्याकडे डाक म्हणतात. ती डाक रामसखी सहनीच्या महिला समितीने जिंकली. बायकांनी तळ्यात जिरं सोडलं. हे जिरं फोडणीचं नव्हे, माशांची बारीक पिल्लं. त्यांना वाढवलं, राखलं, आणि रोहू हातभर झाले तेव्हा जुन्या जमीनदारांचे नातू नवलकिशोर चौधरी कोर्टात गेले. म्हणाले, तळं आमच्या आजोबांनी घरच्यासाठी खणलं, दान कधी केलंच नाही, सरकारने आमचं तळं लिलावात काढलं कसं? कोर्टाने निकालापर्यंत जाळं टाकायला मनाई केली. तेव्हापासून समितीच्या बायका काठावर बसून आपण वाढवलेल्या माशांच्या उड्या बघत होत्या. खटला हरल्या तर तळंही जाणार होतं आणि मासेही.

आता सगळं एका प्रश्नावर येऊन ठेपलं होतं. दुधैलेत जाठ आहे का? असेल तर ती पोखर लग्नाची, म्हणजे सार्वजनिक, म्हणजे डाक खरी. चौधरींचं म्हणणं, तो खांब पाण्याची खोली मोजायला कोणीतरी ठोकलेला आहे. कागदपत्रांतल्या फोटोत एक काळी काठी आणि तिच्यावर बसलेला खंड्या एवढंच दिसत होतं. म्हणून कोर्टाने प्रत्यक्ष बघायला कमिशनर धाडला.

कमिशनर म्हणजे अॅडव्होकेट मृदुला कर्ण, सगळ्यांच्या दीदी. गोल चेहरा, पन्नाशी उलटलेली, गालात कायम पान. मी त्यांचा मुंशी गोविंदलाल दास. गेली कित्येक वर्षं आम्ही दोघं गावोगाव हिंडतो, आणि जिथे जेवायला बसू तिथे रोहूचं डोकं त्यांच्या ताटात पडतं आणि शेपटी माझ्या. याबद्दल मी आजवर तक्रार केलेली नाही, इथेही करत नाही.

"दीदी, ऊन येऊ दे, मग नावेतून जाऊ," रामसखी म्हणाली. उंच, सावळी बाई. पदर खोचलेला, कमरेला किल्ल्या. "काल संध्याकाळी आम्ही त्याच्या डोक्याला लाल फडकं बांधून आलोय. पाहुणे बघायला येणार म्हणून."

"मुलगी बघायला येतात तसं?" दीदींनी विचारलं.

"मुलगा बघायला. मुलगी तर घरचीच आहे."

धुक्यातून खडावांचा आवाज आला आणि मागोमाग पंडित श्रीकांत झा आले. गावाचे पुरोहित, काटक म्हातारा, अंगावर एकच चादर, हातात चकचकीत पितळी लोटा. लहानपणापासून दुधैलेत बुडी मारल्याशिवाय त्यांनी अन्नाला हात लावलेला नाही, असं रामसखीने कौतुकाने सांगितलं. समितीच्या बाजूचे साक्षीदार होते ते.

"हात पुढे कर, बेटी," म्हणत त्यांनी दीदींच्या ओंजळीत मंत्र म्हणून पाणी घातलं, मग माझ्या. "आज विहिरीचं आहे. कोमट आहे."

मला ते पाणी फार आवडलं. माझी बोटं आखडली होती.

दहाच्या सुमाराला धुकं वर उचललं जायला लागलं. आधी घाटाच्या पायऱ्या दिसल्या, मग जलपर्णीचा हिरवा पट्टा, मग पाणी. एक खंड्या तळ्याच्या मध्यावर गोल गोल फिरत होता. खाली यायचा, पुन्हा वर जायचा. त्याला बसायला काही सापडत नव्हतं.

रामसखीच्या हातून किटली पडली. तळ्याच्या मधोमध काहीच नव्हतं.

२

चौधरींची मोटार नेमकी तेव्हाच आली. नवलकिशोर चौधरी उतरले ते हसतमुखाने. इस्त्रीचा कुर्ता, वर जाकीट, बोलणं लोण्यासारखं मऊ.

"मॅडम, जे मुळात नव्हतंच ते दिसणार कसं?"

"काल संध्याकाळपर्यंत सगळ्या गावाने बघितलाय," रामसखी म्हणाली. "आमची दोन वर्षं आहेत त्या पाण्यात, मालक. असं हसू नका."

"मग कोणी नेला? तळ्यावर पहारा कोणाचा? तुमचाच. नाव कोणाची? तुमचीच. आणि मॅडम, हिने भर पंचायतीत म्हटलं होतं, हा मेला खांब उपटून फेकते म्हणून. विचारा."

दीदींनी पान या गालातून त्या गालात सरकवलं आणि रामसखीकडे पाहिलं.

"म्हटलं होतं," रामसखीने कबूल केलं. "मनाईच्या आधी मासे बघायला मोठं जाळं ओढायचो, ते दर खेपेला त्याच्यात अडकायचं. एकदा अर्धं जाळं फाटलं. तेव्हा मेला म्हटलं, मुडदा म्हटलं, अजून बरंच म्हटलं. नवऱ्याला पण म्हणते की मी. म्हणून त्याला कापून टाकलंय का?"

बायका हसल्या. रामसखीचा नवरा काठावर उभा होता, तोही हसला, पण जरा उशिराने.

नाव काठावर पालथी होती, साखळीला कुलूप. दीदी वाकून बघत राहिल्या. तळापासून साखळीपर्यंत कोळ्याचं जाळं लागलं होतं आणि त्यावर दव जसंच्या तसं होतं. कोणी नाव हलवली असती तर ते राहिलं नसतं. मग त्याच नावेतून आम्ही मध्यावर गेलो. दीदींनी बांबू पाण्यात खुपसला. टक् असा आवाज आला. पाण्याखाली वीतभर अंतरावर खांबाचं खोड होतं, वरून ताजं कापलेलं. पाण्याच्या रेषेवर ते लाकूड वर्षानुवर्षं झिजून मनगटाएवढंच उरलं होतं. कापायला फार जोर लागला नसणार.

"खोड सापडलं म्हणून जाठ ठरत नाही," चौधरी काठावरून म्हणाले. "मोजायच्या काठीलाही खोड असतं."

रामसखीने त्यांच्याकडे पाठ फिरवली.

रात्रीचा पहारा तिच्या जावेचा, आमची नाव वल्हवणाऱ्या सोमनीचा होता. माशांच्या चोरांसाठी काठावर झोपडी बांधली होती, तिथे ती होती. "काही नाही ऐकलं, दीदी. शपथ. धुक्यात कुत्रंसुद्धा भुंकलं नाही. पहाटे नेहमीप्रमाणे पंडितकाकांचा लोटा घासायचा आवाज, तेवढाच. घसघस, घसघस. ते रोजच वाळूने घासतात. त्या आवाजाने मी उठते आणि चूल पेटवते."

"आज पण पेटवलीस?"

"पेटवली की. आवाज थांबला की भात उतरवते, आज तो जरा गचका झाला. काका आज फारच वेळ घासत बसले होते, मला वाटलं अजून उजाडायचं असेल."

परतताना पश्चिमेच्या काठाला जलपर्णीत काहीतरी पांढरट दिसलं. दीदींनी नाव वळवायला सांगितली. चार केळीचे खांब, सुंभाने एकत्र बांधलेले. आमच्याकडची पोरं असल्या तराफ्यावरूनच पोहायला शिकतात. पण हे खांब पोरांनी तोडलेले नव्हते. दोन्ही टोकं सरळ, करवतीने कापलेली होती, आणि एकाला अजून आंब्याच्या पानांचं तोरण चिकटलेलं होतं.

"पूजेच्या मांडवाचे खांब," मी म्हणालो. "संक्रांतीला गावात सत्यनारायण कोणाकडे झाला?"

रामसखीने काठावरच्या मोटारीकडे बोट दाखवलं.

३

"हो, झाला माझ्याकडे," चौधरी म्हणाले. हसू जरा कमी झालं होतं. "पूजा संपली, खांब मागच्या अंगणात टाकून दिले. मी काय केळीच्या खोडांवर नजर ठेवून बसतो? आणि मला पोहता येत नाही, मॅडम. मी दरभंग्यात वाढलोय. आंघोळसुद्धा गीझरच्या पाण्याने करतो."

"सोमनी म्हणत होती, तुम्ही पंडितकाकांना काही वचन दिलं होतंत?" दीदींनी सहज विचारलं.

"वचन कसलं? समितीवाल्या पाण्यात शेण घालतात, मासे पोसायला. पंडितजींना त्या पाण्यात संध्या करावी लागते. मी एवढंच म्हटलं, तळं माझ्याकडे आलं की स्वच्छ ठेवीन. चांगलं बोलणं गुन्हा आहे का?"

"मुळीच नाही. उलट असं बोलणं जास्त ऐकायला मिळायला हवं," दीदी म्हणाल्या.

मग आम्ही बिल्टू साहकडे गेलो. माशांचा व्यापारी. चौकात त्याचं बर्फाचं दुकान. डाकेत तो रामसखीकडून थोडक्यात हरला होता. चौधरींचा दावा टिकला नाही पण डाक कसल्याशा चुकीने रद्द झाली, तर पुन्हा बोली लागणार आणि बिल्टू पुन्हा उभा राहणार, हे गावातलं शेंबडं पोरसुद्धा सांगत होतं.

दुकानात लाद्या होत्या, भुसा होता. बर्फ कापायची करवत नव्हती. बिल्टू कोयत्याने लादी फोडत होता आणि तुकडे तोंडावर उडाले की शिव्या घालत होता.

"करवत कुठे गेली, बिल्टूशेठ?" मी विचारलं. आवाजात जरा पोलिसी धार आणली. मला ते जमतं.

"चौधरींच्या पूजेला नेली. केळी कापायला. परत कोण देतो? गावात वस्तू दिली की ती गावाची."

"कोण घेऊन गेलं?"

"मी झोपलो होतो. बायकोने दिली. म्हणाली, पूजेसाठी मागतायत, नाही कसं म्हणू?" त्याने कोयता ठेवला. "मुंशीजी, मी चोर असतो तर खांब कशाला चोरला असता? मासे चोरले असते. मला मासे विकता येतात, खांब कोण घेणार?"

बोलणं रोखठोक होतं. तरी बाहेर पडताना मी दीदींना म्हणालो, "केळी चौधरींची, करवत चौधरींच्या पूजेला गेलेली. फायदा चौधरींचा. पोहता येत नाही म्हणे. माणूस लावला असेल."

"असेल," दीदी म्हणाल्या. "पण मुंशीजी, लावलेल्या माणसाने तो खांब काय केला असता?"

"जाळला असता. या थंडीत सुकं लाकूड कोण सोडतो?"

"शेकोट्या बघितल्यात? आज गावात सगळीकडे भाताचा पेंढाच जळतोय. खांब पाण्यावरही कुठे तरंगत नाहीये. म्हणजे कोणीतरी तो सांभाळून ठेवलाय. चोरलेल्या नवऱ्याला कोण सांभाळतं?"

मला एवढंच कळत होतं की भूक लागलीय.

४

पंडितकाकांचं घर तळ्याच्या पश्चिमेला, मागच्या दारातून दोन पायऱ्या उतरल्या की थेट पाणी. काका ओसरीवर बसले होते. आतून दूध आटल्याचा, वेलदोड्याचा वास येत होता. मी दाराकडे जरा सरकलो, पण आत या असं कोणी म्हटलं नाही.

"फार वाईट झालं, बेटी," काका म्हणाले. डोळे खरोखर भरून आले होते. "माझ्या आजोबांनी लावलं होतं ते लग्न."

"तुम्ही पहाटे तळ्यावर होतात, काका. काही दिसलं का?"

"मी आज गेलोच नाही तळ्याकडे. विहिरीवर आंघोळ केली. त्या पाण्यात हल्ली शेणाचा इतका वास मारतो की मंत्र म्हणायला तोंड उघडवत नाही. काल अगदी डोक्यावरून पाणी गेलं. रामसखीला सांगून सांगून दमलो. ती म्हणते, वास येत असेल तर हातपंपावर जा. शेवटी गेलो."

"हातपंपावर?"

"विहिरीवर. हातपंपाला गोडी नसते."

दीदींनी मान डोलावली, नमस्कार केला आणि उठल्या. मीही उठलो, वेलदोड्याच्या वासाकडे एकदा वळून पाहत.

जेवायला आम्ही रामसखीकडे बसलो. तळ्यात जाळं टाकता येत नाही म्हणून तिने बाजारातून रोहू आणला होता. स्वतःच्या दारात मासे उड्या मारत असताना विकतचा मासा रांधायचा, हे तिला लागलं होतं. ती ते बोलली नाही, पण वाढताना भांडी जरा जोरात आपटत होती. मोहरीचा रस्सा होता, वर तिलकोराच्या पानांची भजी. डोकं दीदींच्या ताटात गेलं. शेपटी कुठे गेली ते सांगत नाही.

"रामसखी, पंडितकाका शेणावरून फार चिडलेत," दीदी डोकं फोडत म्हणाल्या.

"चिडतातच. तोंडावर बोलतात, मी पण तोंडावर बोलते. पण गेले काही दिवस तर तंटा मिटल्यासारखा होता."

"का?"

"शेणच घालत नाही ना. धुकं पडायला लागलं की शेण बंद, पेंड पण बंद. ऊन नसताना शेण टाकलं तर पाणी कोंदतं, मासे वर येऊन तोंड उघडतात आणि मरतात. संक्रांतीच्या आधीपासून एक टोपली टाकलेली नाही. आता पाणी आरशासारखं आहे, बघा जाऊन."

दीदींचा हात थांबला. तोंडातलं डोकं, म्हणजे रोहूचं, त्यांनी बाहेर काढून ताटात ठेवलं. इतक्या वर्षांत हे मी पहिल्यांदा बघत होतो.

"मुंशीजी, उठा. सगळ्या गावाला घाटावर बोलवा. चौधरींनापण, बिल्टूलापण. आणि पंडितकाकांना म्हणावं, मला आचमन करायचंय."

५

घाटाच्या पायऱ्या माणसांनी भरल्या. ऊन छान पडलं होतं. बायका एका बाजूला, पुरुष दुसऱ्या बाजूला, चौधरी खुर्चीवर. बिल्टू एका पायावर उभा होता, केव्हाही पळता यावं म्हणून. कदाचित त्याची सवयच असेल.

"पंडितकाका," दीदी सगळ्यात खालच्या पायरीवर उभ्या राहून म्हणाल्या, "मी हे पाणी आचमनाला घेऊ का?"

काका दचकले. "नको, बेटी. आता ते चालणार नाही. जाठ गेला. विहिरीचं घे."

"अच्छा. म्हणजे काल चाललं असतं?"

"काल चाललं असतं."

"परवा? तुमच्या वडिलांच्या वेळी?"

"अगं, तेव्हापासून आम्ही सगळे याच पाण्याने संध्या करतो. श्राद्धं केली, लग्नं लावली. न चालायला काय झालं? लग्नाची पोखर आहे ती. होती."

"मुंशीजी, लिहून घ्या," दीदी म्हणाल्या. मी आधीच लिहीत होतो. चौधरी खुर्चीत जरा पुढे सरकले. त्यांच्या लक्षात यायला लागलं होतं. नुसत्या मोजायच्या काठीने पाणी देवाला चालत नाही, आणि काठी गेली म्हणून चालायचं बंदही होत नाही.

"म्हणजे पाणी चालेनासं झालं ते जाठ गेल्यामुळे. शेणामुळे नव्हे?"

"शेण... शेणाने वास येतो. पाणी बाटत नाही. पोखर लग्नाची असली की काही बाटत नाही."

"बरोबर. म्हणूनच इतके दिवस शेणाचा वास सहन करून तुम्ही इथेच बुडी मारत होतात. आता सांगा, काका. आज सकाळी मी आले तेव्हा धुकं होतं. हात लांबवला तर बोटं दिसत नव्हती. जाठ गेलाय हे गावात कोणालाही ठाऊक नव्हतं. पहारेकरणीला नव्हतं, रामसखीला नव्हतं. तरी तुम्ही माझ्या ओंजळीत विहिरीचं पाणी घातलंत. का?"

काकांनी लोटा या हातातून त्या हातात घेतला.

"शेणाचा वास म्हणालात. पण शेण संक्रांतीच्या आधीपासून पडलेलं नाही. तळ्याकडे गेलोच नाही म्हणालात. पण सोमनीने तुमचा लोटा घासायचा आवाज ऐकला. रोजच्यापेक्षा बराच जास्त वेळ. रोज ऐकतो त्या आवाजाकडे कोण लक्ष देतो? ती भात शिजवत बसली, आणि तो आवाज लोट्याचा नव्हता. करवतीचा होता. सत्यनारायणाची केळी कापायला करवत मागून नेणारा आणि पूजेनंतर खांब उचलणारा माणूस पूजा सांगणाराच असतो. आणि काका, तुम्ही कोर्टात खोटं बोलू शकाल, माझ्याशी आज बोललातच. पण लग्न मोडलेल्या पोखरीचं पाणी हातावर घालून मंत्र म्हणणं तुम्हाला जमलं नाही."

तेवढ्यात बायकांच्या मागून पंडितकाकी पुढे आल्या. "तरीच," त्या म्हणाल्या. "सकाळपासून मला खीर करायला लावलीय. मी म्हटलं जावई तर दिल्लीला, खीर कोणासाठी? म्हणे तू कर, विचारू नकोस. आणि देवघराला कुलूप."

सगळा घाट पश्चिमेच्या घराकडे धावला. मी पण धावलो, खरं सांगायचं तर खिरीच्या दिशेने.

देवघरात पेंढ्याच्या जाड गादीवर जाठ झोपवलेला होता. त्याला नवं पिवळं धोतर नेसवलं होतं. वरच्या टोकाला काकांचा स्वतःचा लग्नातला पाग, म्हणजे आमची मैथिल पगडी, चढवलेला होता, आणि रामसखीने बांधलेलं लाल फडकं उपरण्यासारखं गळ्यात होतं. समोर समई, पान, सुपारी आणि मखाण्याच्या खिरीची वाटी. लाकडावर जुनी कोरीव कमळं स्पष्ट दिसत होती. पाण्याची खोली मोजायच्या काठीवर कमळं कोणी कोरत नाही, हे चौधरींनाही दिसलं. ते दाराबाहेरच थांबले.

६

रामसखी किती चिडेल याची मला धास्ती होती. ती दारात उभी राहून त्या नटवलेल्या खांबाकडे बघत राहिली. मग काकांकडे वळली.

"काका, माझी दोन वर्षं तुम्ही कापलीत. आम्ही बायका रस्त्यावर आलो असतो."

काकांनी मान खाली घातली. "मला वाटलं, खांब नसला की तळं चौधरींना जाईल आणि शेण बंद होईल. तुझ्या माशांचा विचार मी केला नाही, रामसखी. त्याला आणलं तेव्हापासून मात्र घास उतरला नाही. पोखरीला विधवा केलं मी, ते पण पुरोहित असून."

"विधवा नाही, सासुरवाडीला ठेवलंत नवऱ्याला. ते पण खीर घालून." तिचा राग टिकेना. त्या पागाकडे नजर गेली की तिला हसू फुटत होतं, आणि ती हसली की मागच्या सगळ्या हसत होत्या. "आमच्या माणसांना सासुरवाडीत असा पाहुणचार मिळाला असता तर ते घरी परतले नसते."

चौधरींनी दीदींना बाजूला घेतलं. "मॅडम, मग आता रिपोर्टमध्ये..."

"कोर्टाने जाठ आहे का एवढंच विचारलंय. आहे, असं मी लिहीन. कमळं लिहीन, खोड लिहीन, पंडितजींचं आचमनाबद्दलचं म्हणणं लिहीन. त्याला झोपवलं कोणी हे कोर्टाने विचारलेलं नाही. ते रामसखीने ठरवायचं."

रामसखीने ठरवलं. दुधैलेचं नव्या खांबाशी लग्न लावायचं, आणि ते काकांनीच लावायचं, दक्षिणा न घेता. लग्नाच्या दिवशी काकांनी सगळ्यांसमोर दुधैलेत बुडी मारायची, आणि मग रोज. "आणि पश्चिमेला, तुमच्या पायऱ्यांपाशी, आम्ही बांबूचं कुंपण घालू. त्याच्या आत शेणाची टोपली पडणार नाही. हे आधीच करायला हवं होतं. हातपंपावर जा म्हटलं ते चुकलं माझं."

काका तिच्याकडे बघत राहिले. शेवटी खिरीची वाटी उचलून त्यांनी ती माझ्या हातात दिली. सबंध दिवसात मला समजून घेणारा तो एकच माणूस.

चौधरींचा दावा फेटाळला गेला. डाक खरी ठरली. निकालाची बातमी आली त्या दिवशी समितीच्या बायकांनी आधी रडून घेतलं आणि मग बँडवाल्याकडे गेल्या.

फागुनात लग्न लागलं. नव्या सालाच्या खांबाला हळद लावली, नवऱ्याच्या आईबापाला चारचौघांत दिल्या जातात त्या सगळ्या शिव्या बायकांनी गाण्यात घालून म्हटल्या. खांबाला आईबाप नसल्यामुळे त्या चौधरींच्या वाट्याला आल्या. ते पाग घालून आले होते. पहिल्यांदा लाजले, मग खुशीत डोलायला लागले. नव्या खांबाला पाण्यात उभं करताना बिल्टूचीच माणसं दोर ओढत होती. करवत त्याला परत मिळाली होती. काकांनी मंत्र म्हटले, नाक दाबलं आणि बुडी मारली. ते वर येईपर्यंत सगळा गाव श्वास रोखून उभा होता. आले ते हसतच.

दुसऱ्या दिवशी सकाळी मोठं जाळं पाण्यात गेलं. मनाई उठल्यावर पहिल्यांदा. एका काठाला बायका, दुसऱ्या काठाला पुरुष, मध्ये नावेत रामसखी. जाळं जसजसं आवळत आलं तसतसं पाणी उकळायला लागलं, रोहू एकमेकांवर चढत होते, एक तर सरळ नावेत येऊन पडला. काठावर कोणीतरी ढोल वाजवत होतं. तळ्याच्या मध्यावर नेहमीप्रमाणे जाळं जाठात अडकलं.

बायका थांबल्या. आता रामसखी काय बोलते, म्हणून सगळ्यांनी कान टवकारले. ती नावेत उभी राहिली, दोन्ही हातांनी जाळं अलगद उचललं, हळदीच्या खांबावरून पलीकडे नेलं आणि ओढणाऱ्यांना हाक दिली.

"सावकाश ओढा गं. जावयाला लागेल."

दुपारी पंगत बसली. पहिल्या रोहूचं डोकं रामसखीने स्वतः आणलं. दीदींनी ताट पुढे केलं, मग काय वाटलं कोण जाणे, ते माझ्याकडे सरकवलं. खंड्या जाठावर येऊन बसला होता.